क्लिप टाकण्याआधी: ठाण्यातल्या सोसायट्यांच्या ग्रुप अ‍ॅडमिनना खुलं पत्र

ठाणे शहरातल्या तमाम गृहनिर्माण सोसायट्यांच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपचे अ‍ॅडमिन, म्हणजे बहुतेक ठिकाणी सेक्रेटरी, खजिनदार आणि 'ज्यांना वेळ असतो ते काका', यांस,

सप्रेम नमस्कार.

टँकर किती वाजता येणार, बी विंगची लिफ्ट कधी सुरू होणार आणि कुणाची गाडी कुणाच्या पार्किंगमध्ये उभी आहे, यातच तुमचा दिवस जातो हे मला ठाऊक आहे. अ‍ॅडमिनपणाचे पैसे मिळत नाहीत, बोलणी मात्र मिळतात. तरीही हे पत्र सेन्सॉर बोर्डाला नाही, गेमवाल्या कंपन्यांना नाही, वाहिन्यांच्या संपादकांनाही नाही. खऱ्या हिंसेच्या क्लिपा ग्रुपवर टाकू नका, हे सांगायला तुम्हालाच लिहिते आहे. मी शाळेत समुपदेशक आहे. वर्तकनगरपासून घोडबंदर रोडपर्यंतची मुलं माझ्यासमोर येऊन बसतात. कोण काय बोललं ते मी कुठेही सांगत नाही, इथेही सांगणार नाही. पण सगळ्यांचं मिळून जे दिसतं ते सांगायला हरकत नसावी. मारहाणीची, खुनाची, अपघाताची खरी चित्रणं लहान मुलांना दिसतात ती बहुतेक वेळा आईबाबांच्या नाहीतर आजोबांच्या फोनमध्ये. आणि त्या फोनमध्ये ती येतात नातेवाइकांच्या ग्रुपमधून, शाळासोबत्यांच्या ग्रुपमधून आणि सोसायटीच्या ग्रुपमधून. पहिल्या दोन ग्रुपांवर माझं काही चालणार नाही. तिसऱ्याला निदान कमिटी असते, सभा असते, ठराव करता येतो.

फेब्रुवारी २०२४ आठवा. २ तारखेच्या रात्री उल्हासनगरच्या हिल लाइन पोलीस ठाण्यात गोळीबार झाला. आरोपी तेव्हाचा आमदार, जखमी मित्रपक्षाचा शहरप्रमुख. पोलीस ठाण्याच्या आतलं सीसीटीव्ही चित्रण बाहेर आलं आणि सगळ्या जिल्ह्यात फिरलं. सहाच दिवसांनी दहिसरमध्ये फेसबुक लाइव्ह चालू असताना एका माजी नगरसेवकावर गोळ्या झाडल्या गेल्या, त्यात ते गेले. तेही फिरलं. त्या आठवड्यात प्राथमिकच्या मुलांचे प्रश्न ऐकण्यासारखे होते. पोलीस स्टेशनमध्येच गोळ्या मारतात तर मग पळून जायचं कुठे? ते लाइव्ह बंद कुणी केलं? राजकारण काय, कोण कुठल्या गटाचा, याच्याशी त्यांना देणंघेणं नव्हतं. तिसरी-चौथीतल्या मुलाच्या डोक्यात 'काही झालं तर पोलीसकाकांकडे जायचं' हे एक पक्कं वाक्य आपणच घातलेलं असतं. ते त्या क्लिपने काढून घेतलं.

पालकसभेत मात्र यातलं काही निघत नाही. तिथे विषय एकच: गेम. "मॅडम, दिवसभर बंदुका चालवतो, उद्या काय करेल?" या भीतीबद्दल आधी थोडं सांगते, म्हणजे मी आंधळेपणाने 'मोबाइल वाईट' म्हणत नाही हे तुम्हाला पटेल.

हिंसक दृश्यं आणि मुलं या विषयावर सगळे सांगतात तो प्रयोग अल्बर्ट बांडुरा यांचा. १९६१, स्टॅनफर्ड विद्यापीठाची बालवाडी, साधारण तीन ते सहा वर्षांची ७२ मुलं. काही मुलांसमोर एक मोठा माणूस हवा भरलेल्या बाहुलीला लाथा घालतो, हातोडीने मारतो, उचलून आपटतो. नंतर तशीच बाहुली असलेल्या दुसऱ्या खोलीत मुलांना सोडलं तर ती तसंच करतात, तेच शब्दसुद्धा वापरतात. दोन वर्षांनी हाच प्रकार पडद्यावर दाखवून केला, तरी तेच दिसलं. आता यावर एक रास्त आक्षेप आहेच, की ती बाहुली बनवलीच होती मारून पाडायला आणि पुन्हा उभी राहायला. तिला मारलं म्हणून मूल शेजाऱ्याच्या मुलाला मारेल असं कसं म्हणायचं? तो आक्षेप अजून पुरता मिटलेला नाही.

पुढे माणसं वर्षानुवर्षं मुलांच्या मागे राहिली. १९६० साली न्यूयॉर्क राज्यातल्या कोलंबिया काउंटीत तिसरीतल्या मुलांचा अभ्यास सुरू झाला. आठव्या वर्षी ज्या मुलग्यांना टीव्हीवरची मारामारी आवडायची, ते दहा वर्षांनंतर जास्त आक्रमक निघाले. मुलींमध्ये तेव्हा तसं आढळलं नाही. गेमचं युग आलं आणि वाद आणखी पेटला. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये कॅलिफोर्नियाचा, अल्पवयीनांना हिंसक गेम विकण्यावर बंदी घालणारा कायदा रद्द केला. पुरावा फार तर सहसंबंधाचा आहे, कारणाचा नाही, असं बहुमताचं म्हणणं पडलं. २०१९ मध्ये ऑक्सफर्डच्या संशोधकांनी १४-१५ वर्षांची सुमारे हजार ब्रिटिश मुलं घेतली, तेवढेच पालक घेतले, आणि गेम किती हिंसक हे मुलांना न विचारता अधिकृत श्रेणीवरून ठरवलं. आक्रमकतेशी संबंध सापडला नाही. अमेरिकन सायकॉलॉजिकल असोसिएशनने २०२० मध्ये आपली भूमिका सुधारून सांगितली: गोळीबारासारख्या हिंसेचं खापर गेमवर फोडायला पुरेसा शास्त्रीय आधार नाही, ओरडणं, ढकलणं अशा वागण्याशी मात्र छोटासा, पण पुन्हा पुन्हा दिसणारा संबंध आहे.

म्हणजे, काकू, तुमचा नातू गेम खेळून गुंड होणार नाही. झोप कमी होईल, अभ्यास बुडेल, जेवायला बोलावलं तर खेकसेल. ते त्रासाचंच आहे, पण ते वेगळं दुखणं. सप्टेंबर २०२० मध्ये पबजीवर बंदी आली तेव्हा पालकांनी पेढे वाटायचंच काय ते बाकी ठेवलं होतं. ती बंदी मुलांसाठी नव्हती, सार्वभौमत्व आणि माहितीची सुरक्षा या कारणासाठी ११८ अ‍ॅपवर एकदम आली होती. तोच गेम पुढच्या वर्षी नाव बदलून परत आला.

सिनेमाचंही तसंच. सिनेमाला प्रमाणपत्र लागतं. यू, यूए, ए हे आपल्या अंगवळणी पडलेलं आहे. २०२३ च्या दुरुस्तीने तर यूएचे सात, तेरा आणि सोळा वर्षांवरचे असे तीन भाग केले. ओटीटीवाल्यांना २०२१ च्या नियमांनी वयाची श्रेणी आणि पालकांसाठी कुलूप द्यायला लावलं. हे सगळं नीट पाळलं जातं असं माझं म्हणणं नाही. रात्रीच्या शोला कडेवर दोन वर्षांचं बाळ घेऊन 'ए' सिनेमाला आलेलं जोडपं कुणी पाहिलं नसेल तर मला आश्चर्य वाटेल. पण निदान कुणीतरी, कुठेतरी बसून, हे कुठल्या वयाला दाखवायचं याचा विचार केलेला असतो. सोसायटीच्या ग्रुपवर सकाळी सात दहाला, गुलाबाच्या फुलाच्या आणि 'शुभ सकाळ'च्या मध्ये येणाऱ्या खुनाच्या क्लिपला कसली श्रेणी?

फरक नुसता प्रमाणपत्राचा नाही. मुलांच्या भीतीवर जोआन कँटर या अमेरिकन अभ्यासक बाईंनी पुष्कळ काम केलं आहे. त्यांचं म्हणणं सोप्या शब्दांत असं: सात-आठ वर्षांपर्यंतचं मूल दिसण्याला घाबरतं. राक्षस, विद्रूप चेहरा, अंधार. ते खोटं आहे हे सांगून फारसा उपयोग होत नाही. त्यापुढचं मूल खरेपणाला घाबरतं. जे घडू शकतं, आपल्याकडे घडू शकतं, त्याला. म्हणूनच सिनेमातल्या रक्ताला बारा वर्षांचा मुलगा हसतो, 'सॉस आहे तो' म्हणतो. आणि तोच मुलगा क्लिपमध्ये मागे उभ्या असलेल्या रिक्षेवर एमएच ०४ हा ठाण्याचाच नंबर वाचतो आणि गप्प होतो. तसेच पेव्हर ब्लॉक, तसंच मेडिकलचं दुकान, शटरवर तशीच क्लासची जाहिरात. त्याच्यासाठी ही गोष्ट नाही, पत्ता आहे.

या खऱ्या चित्रणांबद्दलचा पुरावा गेमच्या पुराव्याइतका वादात अडकलेला नाही. १९ एप्रिल १९९५ ला अमेरिकेत ओक्लाहोमा सिटीत सरकारी इमारतीवर बॉम्बहल्ला झाला, १६८ माणसं गेली, त्यात १९ मुलं होती. बेटी फेफरबाउम आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दोन वर्षांनंतर शंभर मैलांवरच्या, म्हणजे साधारण ठाणे-नाशिक इतक्या अंतरावरच्या सहावीतल्या मुलांना तपासलं. घटनेच्या बातम्या आणि चित्रणं ज्यांनी जास्त पाहिली होती, त्यांच्यात आघातानंतरच्या ताणाची लक्षणं जास्त होती. २०१३ च्या बॉस्टन मॅरेथॉनच्या स्फोटानंतर तर मोठ्या माणसांत विचित्रच गोष्ट दिसली. पुढचा आठवडाभर दिवसाला सहा किंवा जास्त तास त्या बातम्या पाहणाऱ्यांनी, प्रत्यक्ष स्फोटाच्या जागी असलेल्यांपेक्षाही जास्त तीव्र ताण नोंदवला.

इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. मानसोपचारतज्ज्ञ ज्या पुस्तकाने निदान करतात, त्या डीएसएम-५ ने २०१३ मध्ये साफ लिहिलं की पडद्यावर पाहिलेल्या घटनेवरून पीटीएसडीचं, म्हणजे आघातानंतरच्या ताणाच्या विकाराचं, निदान करायचं नाही. त्यामुळे 'क्लिप बघून मुलाला पीटीएसडी झाला' असं कुणी म्हणालं तर मी होकारार्थी मान डोलावणार नाही. पण त्याच वाक्यात एक अपवाद आहे: ते पाहणं कामाचा भाग असेल तर धरायचं. हा अपवाद कुणासाठी आहे ते २०२० मध्ये नीट कळलं. अमेरिकेत फेसबुकसाठी कंत्राटावर बसून दिवसभर असली चित्रणं तपासणाऱ्या माणसांनी दावा लावला होता, की या कामाने आमचं मन आजारी पडलं. तो मिटवायला कंपनीने ५ कोटी २० लाख डॉलर द्यायचं कबूल केलं. पगारी, प्रौढ, काय बघायचं आहे हे आधी माहीत असलेली माणसं ती. आपल्याकडे तेच चित्रण आठवीतली मुलगी बाबांच्या गॅलरीत शाळेच्या प्रोजेक्टचा फोटो शोधताना बघते.

मग मुलांचं नक्की होतं काय? मला दोन प्रकार दिसतात आणि ते एकमेकांच्या उलटे आहेत, म्हणून पालक गोंधळतात. काही मुलं घाबरतात. एकटं लिफ्टमध्ये जात नाहीत, क्लासहून येताना फोन चालू ठेवायला सांगतात, रात्री आईच्या खोलीत गादी ओढतात, पोट दुखतं म्हणून शाळा बुडवतात. विचारलं तर क्लिपचं नाव काढत नाहीत, कारण ती बघितली हे कळलं तर फोन जाईल. दुसरी मुलं काहीच होत नसल्यासारखी असतात. हसतात, एकमेकांना पाठवतात, 'याहून भारी एक आहे' म्हणतात. ही धीट आहेत असं समजू नका. आयोवा स्टेट विद्यापीठात २००७ मध्ये कॉलेजच्या मुलांना वीस मिनिटं हिंसक गेम खेळायला दिला आणि मग खऱ्या हिंसेची चित्रणं दाखवली. साधा गेम खेळलेल्यांपेक्षा यांच्या हृदयाचे ठोके आणि त्वचेवरची घामाची प्रतिक्रिया कमी भरली. गेम खेळून ते मारेकरी झाले नाहीत. समोर माणूस मार खातोय तेव्हा आतून जे काही हलायला हवं, ते थोडं कमी हललं. मला काळजी या 'थोडं कमी'ची वाटते.

जून २०२४ मध्ये वसईत भर रस्त्यात, दिवसाउजेडी एका तरुणीला तिच्या ओळखीच्या माणसाने लोखंडी पान्याने मारून ठार केलं. आजूबाजूला माणसं होती. चित्रण करणारीही होती. ते चित्रण तुमच्यापैकी कितीजणांच्या ग्रुपवर आलं होतं ते तुम्हीच आठवा. मोठ्या वर्गातल्या मुलांशी मी त्यावर बोलले तेव्हा कुणी मध्ये का पडलं नाही, यावर ती तासभर तावातावाने बोलली. मधल्या सुट्टीत दोघांची जुंपली की मात्र पहिले निघतात ते फोन. बोलणं आणि हात यांच्यातलं हे अंतर मला एकट्या समुपदेशकाला भरून काढता येत नाही.

बांडुरांचा आणखी एक प्रयोग आहे, १९६५ चा, तो कमी सांगितला जातो. मुलांना तशीच बाहुलीची फिल्म दाखवली, पण शेवट वेगवेगळे. एका गटाला दिसलं की मारणाऱ्याला खाऊ मिळाला, शाबासकी मिळाली. दुसऱ्याला दिसलं की त्याला ओरडा आणि मार बसला. तिसऱ्याला पुढचं काहीच दिसलं नाही. शिक्षा पाहिलेल्या मुलांनी नक्कल सगळ्यात कमी केली. मग प्रयोग घेणाऱ्यांनी सांगितलं, जो तसं करून दाखवेल त्याला बक्षीस, तर सगळ्यांनाच सगळं येत होतं. शिकली सगळीच होती, काहींनी दाखवलं नव्हतं इतकंच. तलवारीने वाढदिवसाचा केक कापणाऱ्या रील आठवा. कोयता हातात, मागे गाणं, खाली बदाम आणि 'भाऊ'. पोलीस गुन्हा दाखल करतात, पण त्याची बातमी आतल्या पानावर एका कॉलमात. रीलवर लाख लोकांची शाबासकी. ती रील 'बघा, आपल्या एरियातली पोरं' म्हणून ग्रुपवर टाकणारे काका त्या शाबासकीत भरच घालत असतात, मग त्यांच्या मनात संताप का असेना.

आता मोठ्यांबद्दल बोलू, कारण या क्लिपांचा सगळ्यात मोठा परिणाम मला मुलांच्या आईबाबांवर दिसतो आणि तो मग मुलांच्या वाट्याला येतो. जॉर्ज गर्बनर नावाचे प्राध्यापक पेनसिल्व्हेनिया विद्यापीठात वर्षानुवर्षं टीव्हीवरची हिंसा मोजत होते. त्यांना आढळलं ते असं: खूप टीव्ही बघणारी माणसं हिंसक होतात की नाही हा मुद्दा बाजूला राहो. पण अशा माणसांना जग आहे त्याहून जास्त धोकादायक वाटायला लागतं. शेजाऱ्यावर विश्वास कमी होतो, कडक बंदोबस्त हवासा वाटतो. आपल्या सोसायट्यांत याची उदाहरणं शोधायला लांब जायला नको. पोडियमवर बाग आहे, झोपाळे आहेत, वॉचमन आहे, सोळा कॅमेरे आहेत, आणि चौथीतलं मूल एकटं खाली जात नाही. भंगारवाला, चादरी विकणारा, वासुदेव, सगळ्यांना गेटवरूनच परत. मुलं खाली खेळत नाहीत, म्हणून घरात फोन. फोनवर पुन्हा क्लिप.

ही भीती कुठवर जाते ते महाराष्ट्राने पाहिलं आहे. १ जुलै २०१८ ला धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना जमावाने ठेचून मारलं. मुलं पळवणारी टोळी फिरते आहे, एवढ्या अफवेवर. त्या वर्षी देशभर जी क्लिप पुरावा म्हणून फिरत होती, त्यात मोटरसायकलवरून मूल उचललेलं दिसायचं. ती कराचीतल्या एका संस्थेने पालकांनी सावध राहावं म्हणून केलेली जाहिरात होती. शेवटी मूल परत आणून सोडतात, तो भाग कुणीतरी कापला होता. सावध करण्यासाठीच बनवलेली क्लिप होती ती. एप्रिल २०२० मध्ये पालघरच्या गडचिंचल्यात, अफवांचं पीक आलेलं असताना, दोन साधू आणि त्यांचा चालक यांना जमावाने जिवे मारलं, आणि त्या मारहाणीचं चित्रणही पुढे कित्येक महिने फिरत राहिलं. राईनपाड्याच्याच महिन्यात व्हॉट्सअ‍ॅपने भारतात एका वेळी पाचच ठिकाणी फॉरवर्डची मर्यादा आणली. पण दोनशे फ्लॅटचा ग्रुप हे एकच ठिकाण धरलं जातं, त्यामुळे तुमच्या दारात ती मर्यादा संपते.

तुमची उत्तरं मला पाठ आहेत. पहिलं: "लोकांनी सावध राहावं म्हणून टाकतो." सावधगिरीला शब्द पुरतात. 'काल संध्याकाळी साडेसातच्या सुमारास अमुक चौकात सोनसाखळी ओढली, दोघे मोटरसायकलवर होते, दागिने झाकून चाला, काही दिसलं तर ११२ ला फोन करा.' यात जे कामाचं आहे ते सगळं आहे. बाई फरफटत जाताना दिसल्याने त्यात काय भर पडते? दुसरं: "आमच्या ग्रुपवर मुलं नाहीत." ग्रुपवर नाहीत, फोनवर आहेत. लॉकडाउनमध्ये शाळा आईबाबांच्या फोनवर भरली तेव्हापासून पुष्कळ घरांत फोनचा पासवर्ड मुलांनाच जास्त नीट माहीत आहे, आणि आलेली क्लिप आपोआप गॅलरीत जाऊन बसते. तिसरं: "कुणी काय टाकावं हे अ‍ॅडमिनच्या हातात नसतं, उगाच आमच्यावर केस व्हायची." केसची भीती बाळगू नका. सदस्याने टाकलेल्या आक्षेपार्ह मजकुरासाठी, संगनमत नसेल तर, अ‍ॅडमिनला जबाबदार धरता येत नाही असं मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने २०२१ मध्ये सांगितलं आहे. पण हातात काहीच नाही हे खरं नाही. दुसऱ्याचा मेसेज सगळ्यांसाठी काढून टाकण्याची सोय अ‍ॅडमिनला २०२२ पासून आहे. गरजेला फक्त अ‍ॅडमिनच लिहू शकतील असंही करता येतं. पाण्याच्या भांडणात तुम्ही ते बटण वापरताच.

दोन जागा अशा आहेत जिथे मी विनंती नाही, आग्रह करते. एक आत्महत्या. आपल्याकडे इमारती उंच झाल्या, आणि वर्षातून एखादी तरी अशी बातमी जवळपासच्या संकुलातून येते. खाली चादर टाकलेल्या देहाचा फोटो अ‍ॅम्ब्युलन्स यायच्या आधी ग्रुपवर असतो, सोबत मजला, पद्धत आणि कारणाबद्दल तर्क. अशा तपशिलांनी आधीच काठावर असलेल्या दुसऱ्या कुणाला, विशेषतः किशोरवयातल्यांना, धोका वाढतो याला भक्कम पुरावा आहे. म्हणून तर जागतिक आरोग्य संघटनेने माध्यमांसाठी सूचना काढल्या आणि आपल्या प्रेस कौन्सिलने २०१९ मध्ये त्याच धर्तीवर वर्तमानपत्रांना पद्धत, जागा आणि फोटो टाळायला सांगितलं. वर्तमानपत्राला जे बंधन आहे ते ग्रुपला नसावं हे मला पटत नाही.

दुसरी जागा सोसायटीचेच कॅमेरे. खेळताना मुलांची हाणामारी झाली, कुणी काच फोडली, कुणी लिफ्टमध्ये काहीतरी केलं, की चित्रण ग्रुपवर: 'ओळखा, कुणाचा मुलगा.' दहा वर्षांच्या मुलाला दोनशे घरांसमोर उभं करून आपण काय मिळवतो? प्रकरण पोलिसांपर्यंत गेलं तर बाल न्याय कायद्याचं ७४ वं कलम चौकशीतल्या मुलाची ओळख कळेल असं काहीही, कुठल्याही माध्यमातून, उघड करायला मनाई करतं. सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड आहे. मूल आरोपी असो, पीडित असो की साक्षीदार. ऑगस्ट २०२४ मध्ये बदलापूरच्या शाळेतल्या दोन चिमुरड्यांवरचा अत्याचार उघड झाला, लोक रुळांवर उतरले, त्या दिवसांत ग्रुपांवर त्या मुलींबद्दल खरंखोटं काय काय फिरलं ते मी वाचलं आहे. लोकांचा राग खरा होता. फिरवलेले तपशील मात्र त्या मुलींच्या घरच्यांना आयुष्यभर पुरतील.

क्लिप पाहून बसलेल्या मुलाचं काय करायचं, हे पालक विचारतात म्हणून थोडक्यात. फोन काढून घेण्याने सुरुवात करू नका, पुढच्या वेळी ते सांगणार नाही. 'काही नाही झालं, विसर' म्हणू नका. झालेलं आहे, त्याने पाहिलं आहे. काय दिसलं, काय कळलं, कशाची भीती वाटते, ते त्याच्या शब्दांत विचारा. लहान मुलांना तीच घटना दहा वेळा दाखवली की ती दहा वेळा घडली असंही वाटू शकतं. ती एकदाच झाली, कुठे झाली, त्यानंतर कोण मदतीला आलं हे सांगा. महिनाभरानेही झोप, खाणं, शाळा रुळावर येत नसेल तर मदत घ्या. १४४१६ ही टेली-मानसची सरकारी हेल्पलाइन आहे, मुलांसाठी १०९८ आहे. एकेकाळी ठाण्याचं नाव काढलं की लोक कानाजवळ बोट फिरवून हसायचे, १९०१ पासूनच्या इथल्या मनोरुग्णालयामुळे. त्याच ठाण्यात १९९० साली डॉ. आनंद नाडकर्णी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी आयपीएच ही मानसिक आरोग्यासाठी काम करणारी संस्था सुरू केली आणि मनाच्या डॉक्टरकडे जाणं हे इथल्या मध्यमवर्गाला बरंचसं सोपं करून दिलं. आपल्या शहराला हे शिकवायची गरज पडू नये.

सप्टेंबर संपायच्या आत तुमच्या वार्षिक सर्वसाधारण सभा होतील. अजेंडा निघतो तेव्हा हा विषय 'अध्यक्षांच्या परवानगीने येणारे आयत्या वेळचे विषय' यात ढकलू नका. तोवर वडे थंड झालेले असतात आणि निम्मे सभासद घरी गेलेले असतात. पेंटिंगच्या कंत्राटाच्या आधी घ्या. मसुदा मी खाली दिला आहे, हवा तसा उचला, बदला, माझं नाव लावायची गरज नाही.

"ठराव क्र. ____ : संस्थेच्या अधिकृत व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर मृत्यू, मारहाण, अपघात अथवा आत्महत्येचे कोणतेही चित्रण वा छायाचित्र टाकू नये. सुरक्षिततेची सूचना शब्दांत द्यावी, त्यात ठिकाण, वेळ व घ्यावयाची काळजी नमूद करावी. असे चित्रण आल्यास अ‍ॅडमिनने विचारणा न करता ते सर्वांसाठी काढून टाकावे. संस्थेच्या सीसीटीव्हीचे चित्रण पोलिसांच्या लेखी मागणीखेरीज कोणासही देऊ नये आणि ज्यात अल्पवयीन मुले दिसतात असे चित्रण ग्रुपवर कोणत्याही कारणासाठी टाकू नये. सूचक: ________ अनुमोदक: ________"

आमच्या सोसायटीत सूचक मी आहे. अनुमोदक अजून मिळायचा आहे. तळमजल्यावरचे काका 'बघतो' म्हणाले आहेत.

आपली,
एक शाळा-समुपदेशक आणि सभासद,
वर्तकनगर, ठाणे